नखांवरचा बेगड

आम्ही दोघी नागपुरातल्या एकाच महाविद्यालयात मराठी शिकवतो. एम.ए. नागपूर विद्यापीठाच्या एकाच वर्गातून केले आणि नोकरीही दोन वर्षांच्या अंतराने एकाच स्टाफरूममध्ये लागली. त्यामुळे आमचे 'आम्ही' संपादकीय नव्हे आणि आदरार्थी तर मुळीच नव्हे. दोन टेबले जोडून तपासलेल्या उत्तरपत्रिकांचे ते 'आम्ही' आहे. पुढे काही ठिकाणी 'आमच्यापैकी एक' असे म्हणावे लागणार आहे. ती कोणती, हे वाचकांनी शोधत बसू नये. शोधून फारसे काही हाती लागणार नाही.

विषय तसा फुटकळ आहे. यंदा पोळ्याच्या आधीच्या रविवारी आम्ही घरी बसून एकमेकींच्या नखांना सोनेरी चकाकता कागद चिकटवला. चाळिशी उलटलेल्या, सेमिस्टरच्या ओझ्याखाली दबलेल्या दोन प्राध्यापिकांनी हे का करावे आणि केल्यावर त्याविषयी लिहावे का, असे दोन्ही प्रश्न आम्हांला पडले. पहिल्याचे उत्तर देण्यासाठीच दुसरा बाजूला ठेवला आहे.

याची सुरुवात झाली ती वर्गात. गेल्या वर्षी बी.ए.च्या दुसऱ्या वर्षाला एका कवितेवर बोलताना आम्ही सवयीने म्हणून गेलो, की यातली भावना खरी नाही, बेगडी आहे. समीक्षेच्या भाषेत हा शब्द आम्ही इतक्या वेळा वापरला आहे की तो कुठून आला याचा विचार करण्याची गरजच उरली नव्हती. बेगडी भावुकता, बेगडी बंडखोरी, बेगडी ग्रामीणता. उत्तरपत्रिकांच्या समासात लाल शाईने तो लिहायलाही सोपा पडतो, चार अक्षरांत काम होते. (तीन अक्षरांत, असे आमच्यापैकी दुसरीने आत्ताच दुरुस्त केले आहे. असो.) तर वर्गात मागच्या बाकावरचा, उमरेडकडून रोज एसटीने येणारा एक मुलगा उभा राहिला आणि म्हणाला, "मॅडम, बेगड त आम्ही पोळ्याले बैलाच्या शिंगाले लावतो. त्याच्यात खोटं काय आहे?"

वर्ग हसला. आम्हीही हसलो आणि मूळ अर्थ व लाक्षणिक अर्थ यांतला फरक सांगून पुढे गेलो. उत्तर बरोबर होते. पण तासानंतर स्टाफरूममध्ये चहा पिताना लक्षात आले की त्या मुलाच्या प्रश्नाला ते उत्तर नव्हतेच. शब्दाचा अर्थ त्याला ठाऊक होता. बैलाला खोटे का म्हणता, असे तो विचारत होता.

आमच्यापैकी एकीचे बालपण वर्धा जिल्ह्यातल्या खेड्यात गेले, दुसरीचे इतवारीत. त्यामुळे बेगड दोघींच्याही ओळखीचा, पण ओळख निरनिराळी. एकीच्या घरी 'ती बेगड' म्हणत, दुसरीच्या घरी 'तो बेगड'. मराठीच्या दोन प्राध्यापिकांनी लिंगावरून जेवढा वाद घालायला हवा तेवढा आम्ही घातला आहे. या लेखापुरता तो पुल्लिंगी घेतला आहे, एवढेच.

खेड्यातला बेगड पोळ्याचा. आदल्या दिवशी बैलांना उद्याच्या जेवणाचे आवतण द्यायचे, त्यांच्या खांद्याला हळद आणि लोणी चोळायचे. पोळ्याच्या सकाळी आंघोळ घालायची, शिंगे काचेच्या तुकड्याने खरवडून गुळगुळीत करायची आणि त्यांवर रंग द्यायचा. रंग ओला असताना बेगड लावला तर तो लडबडतो, वाळल्यावर लावला तर चिकटत नाही. बोटाला रंग लागत नाही पण बोट किंचित ओढले जाते, एवढी एकच वेळ बरोबर असते. वडील ती वेळ बोट टेकवून ओळखत आणि मग घाईने हाक मारत. बेगडाच्या पट्ट्या हातात धरून उभे राहण्याचे काम पोरींचे होते. संध्याकाळी तोरणाखाली गावचे बैल उभे राहत, झडत्या म्हटल्या जात, आणि उतरत्या उन्हात शिंगे अशी चमकत की कोणाचे बैल कोणाचे हे लांबून कळू नये. ज्याच्यावर सोसायटीचे कर्ज होते त्याच्याही बैलाची शिंगे तशीच.

इतवारीतला बेगड शहरी. तान्ह्या पोळ्याच्या लाकडी नंदीला तो लागे, लग्नातल्या बाशिंगाला लागे, मोहरमच्या ताबुताला लागे. तान्ह्या पोळ्याच्याच दिवशी काळी आणि पिवळी मारबत निघतात. नागपूरबाहेरच्या वाचकांसाठी सांगायचे, तर या एकोणिसाव्या शतकापासून निघत आलेल्या प्रचंड बाहुल्या. रोगराई, इडापिडा घेऊन जाण्याची हाक देत त्यांना मिरवतात आणि मग जाळतात. संध्याकाळी जाळायच्या बाईलाही सकाळी नटवून बाहेर काढायचे, हे आमच्यापैकी एकीने वयाच्या सहाव्या वर्षी खिडकीतून पाहिले आणि त्यात तिला काही वावगे वाटले नाही.

यंदा झाले ते असे. आमच्यापैकी एकीच्या मुलीच्या, म्हणजे दुसरीला मावशी म्हणणाऱ्या एका इंजिनीअरिंगच्या विद्यार्थिनीच्या, डब्यात सोनेरी पट्टीची एक गुंडाळी सापडली. सीताबर्डीच्या मोदी नंबरच्या गल्लीतून आणलेली. आम्ही दोघी एकदमच म्हणालो, "अगं, हा तर बेगड!" मुलगी म्हणाली, "बेगड नाही, ट्रान्सफर फॉइल. नखांना लावतात." आणि मग आम्ही तिला शिंगांची गोष्ट सांगितली, तेव्हा तिने सहज म्हणून जे सांगितले ते आम्हांला एम.ए.ला कोणी शिकवले नव्हते. शिंगाच्या आत हाड असते, पण वरचे कवच केराटिन नावाच्या द्रव्याचे असते. नखही केराटिनचेच. खूर, केस, पक्ष्याचे पीस, सगळे त्याच कुळातले. म्हणजे शिंगाला लावलेला बेगड आणि नखाला लावलेले फॉइल यांत पदार्थविज्ञानाच्या दृष्टीने फरक फारसा नाही. जनावर तेवढे वेगळे.

या फॉइलची घडणही समजून घेण्यासारखी आहे. पारदर्शक प्लास्टिकच्या पातळ पट्टीवर, हवा काढून घेतलेल्या बंद पेटीत ॲल्युमिनियमची वाफ बसवतात. सोनेरीपणा त्या ॲल्युमिनियमचा नसतो, त्याच्यावरच्या पिवळ्या रोगणाचा असतो. धातू आणि प्लास्टिक यांच्यामध्ये चटकन सुटणारा एक थर असतो. त्यामुळे गोंदावर पट्टी दाबून ओढली की धातू गोंदापाशी राहतो आणि प्लास्टिक हातात येते. जुना बेगड कथलाचा असे. ठोकून पातळ केलेले कथील आणि वर रंगीत रोगण. कथलाच्या जागी ॲल्युमिनियम आले, हातोडीच्या जागी वाफ आली. पिवळे रोगण मात्र होते तिथेच आहे.

गंमत अशी की याच बाजारात याहून पातळ आणि अगदी खरी धातू विकली जाते. संत्रा बर्फीवरचा वर्ख खऱ्या चांदीचा असतो. त्याला चव नाही, त्याने पोट भरत नाही, तो निव्वळ दिसण्यासाठी असतो. तरी भावना 'वर्खी' आहे असे कोणी लिहीत नाही. उलट दसऱ्याला आपट्याची पाने हातावर ठेवून आपण एकमेकांना सोने घ्या म्हणतो, आणि त्यात लबाडी आहे असे कोणाला वाटत नाही. मग बेगडानेच काय घोडे मारले? आम्हांला सुचलेले उत्तर असे, की आपट्याचे पान सोन्यासारखे दिसत नाही म्हणून त्याला माफ आहे. बेगड दिसतो. गरिबाची वस्तू श्रीमंताच्या वस्तूसारखी दिसू लागली की तिला खोटी म्हणायची सोय भाषेने करून ठेवलेली असते. हे उत्तर पुरेसे आहे असा आमचा दावा नाही. पण तो शब्द समासात लिहिताना आमचा हात आता थोडा थांबतो.

प्रत्यक्ष कृतीकडे वळू. आधी नखे स्वच्छ करून कापायची, कानशीने कडा गोल करायच्या. मुळाशी असलेली कातडी कोमट पाण्यात बोटे बुडवून मऊ करायची आणि हलक्या हाताने मागे सारायची. तेलाचा अंश राहता कामा नये, म्हणून नेलपॉलिश काढण्याच्या द्रावाचा एक बोळा फिरवायचा. मग पारदर्शक पहिला हात, तो वाळल्यावर रंगाचा. आम्ही गडद मरून घेतला, कारण फॉइल जिथे बसणार नाही तिथून तो दिसतो. तो पूर्ण वाळू द्यायचा, आणि मग फॉइलचा गोंद. हा गोंद लावताना दुधासारखा पांढरा असतो. वाळत गेला की पारदर्शक होतो. पारदर्शक झाला की पट्टी दाबायची. चमकती बाजू वर आणि मळकट बाजू नखाकडे, हे आम्ही पहिल्या नखाला उलटे केले. पट्टी निघाली ती जशीच्या तशी, आणि नख कोरडे. कापसाच्या काडीने सगळीकडून घासायचे आणि झटक्यात ओढायचे.

"मावशी, पांढरं असताना लावू नको. थांब थोडी."

"किती थांबू?"

"बोट टेकवून बघ. चिकटत नाही पण ओढलं जातं, तेव्हा."

हे ऐकून आमच्यापैकी एक काही वेळ काहीच बोलली नाही. वडील जाऊन तिला अकरा वर्षे झाली आहेत.

शेवटचा हात ही खरी अडचण. नेहमीचा चकाकीचा शेवटचा हात दिला की त्यातल्या द्रावकाने फॉइल आक्रसते आणि त्याला सुरकुत्या पडतात. आमची चार नखे अशीच पिकल्या पानासारखी झाली. त्यासाठी पाण्यावर आधारलेले निराळे पॉलिश मिळते. ते आधी द्यावे, वाळू द्यावे, मग हवा तर नेहमीचा हात. आमच्याकडे ते नव्हते. मुलीने दुचाकी काढली आणि बर्डीवरून घेऊन आली. तोवर आम्ही पंख्याखाली हात पसरून बसलो होतो आणि वीस वर्षांत पहिल्यांदाच आमच्या दोघींच्याही हातांत पुस्तक, पेन, मोबाइल, भाजी यांपैकी काहीही नव्हते. ज्यांना विश्रांती घेता येत नाही अशा बायकांना हा उपाय सुचवावासा वाटतो. ओल्या नखांनी कोणतेही काम करता येत नाही.

त्या अर्ध्या तासात आम्ही ज्याविषयी बोललो ते आता सांगायला हवे.

आमच्यापैकी एकीने चार वर्षांहून अधिक काळ नखांना काही लावले नव्हते. शेवटचे नेलपॉलिश तिने २०२१च्या एप्रिलमध्ये, म्हणजे नागपुरात करोनाची दुसरी लाट ऐन भरात असताना पुसले. घरात दोघेही आजारी होते. ऑक्सिमीटर तिच्या बोटावर ९० दाखवत होता. गडद नेलपॉलिशने त्याचा आकडा चुकू शकतो, असे फोनवर डॉक्टरांनी सांगितले. मुलीने घाईने एक नख पुसले, आकडा ९४वर आला. सगळ्यांना हायसे वाटले. मग ते यंत्र तिच्या यजमानांच्या बोटाला लावले. तिथे ८३ होते, आणि तिथे पुसण्यासारखे काहीच नव्हते.

खाट मिळायला दीड दिवस लागला. नवव्या दिवशी ते गेले.

पुढे पावसाळ्यात तिच्या दहाही नखांवर मुळाशी एकेक आडवी खाच दिसू लागली. आम्ही ती स्टाफरूममध्ये पाहिली आणि घाबरलो. त्वचारोगतज्ज्ञांनी सांगितले, की मोठा ताप किंवा मोठा आघात झाला की नखाची वाढ काही दिवस थांबते आणि ती थांबलेली जागा रेघ होऊन उमटते. जोसेफ बो या फ्रेंच वैद्याने १८४६ साली तिचे वर्णन केले, म्हणून त्या बोच्या रेषा. औषध काही नाही. हाताचे नख महिन्याला सुमारे तीन मिलिमीटर वाढते, सहा महिन्यांत रेघ टोकाला येईल आणि जाईल.

तशी ती गेली. दर आठवड्याला थोडी पुढे सरकताना आम्ही दोघींनी तिला पाहिले. एखाद्या तासाला खडू धरलेल्या बोटावर ती अगदी मधोमध असे. दिवाळीच्या सुमारास ती टोकाशी पोहोचली आणि एका रविवारी सकाळी नेलकटरने कापली गेली. कापलेले तुकडे तिने वर्तमानपत्रात गोळा केले आणि ते टाकायचे कसे, हे तिला कळेना. शेवटी तिने आम्हांला, म्हणजे दुसरीला, फोन केला. फोनवर आम्ही काय बोललो ते दोघींनाही आठवत नाही.

त्यानंतर नखे कोरीच राहिली. कोणी बंदी घातली होती असे नाही. घर शिकलेले, माहेर-सासर दोन्हीकडे शिक्षक. बांगड्या, टिकली यांविषयी कोणी चकार शब्द काढला नाही. नातेवाइकांपैकी एका वयस्क बाईंनी मात्र पहिल्या वर्षश्राद्धाला तिच्या हाताकडे पाहून म्हटले, की बरे झाले, तू स्वतःहूनच साधी राहतेस. हे कौतुक होते. बंदी झुगारता येते, पण कौतुकाचे काय करायचे ते समजत नाही.

२०२२च्या मे महिन्यात कोल्हापूर जिल्ह्यातल्या शिरोळ तालुक्यातील हेरवाडच्या ग्रामपंचायतीने ठराव केला, की नवरा वारल्यावर बाईचे कुंकू पुसणे, मंगळसूत्र तोडणे, बांगड्या फोडणे, जोडवी काढणे या प्रथा गावात बंद. त्याच महिन्यात राज्य शासनाने परिपत्रक काढून इतर ग्रामपंचायतींनाही तसे करायला सांगितले. आम्ही ती बातमी वर्गात वाचून दाखवली, चर्चा घडवली, मुलींनी चांगले निबंध लिहिले. पण त्या रविवारी पंख्याखाली बसल्यावर आमच्या लक्षात आले, की ज्या वस्तू काढून घेतल्या जातात त्यांची यादी असते, म्हणून त्या परत देण्याचा ठरावही करता येतो. नेलपॉलिश कोणत्याच यादीत नाही. ते सौभाग्यलेणे नाही, शास्त्रात नाही, रूढीत नाही. आपण होऊन जे सोडले जाते त्याची नोंद कुठे होत नाही, आणि ते परत घ्यायचे तर ठराव मांडणारे दुसरे कोणी नसते.

आम्ही दोघी महेश एलकुंचवारांचे 'वाडा चिरेबंदी' बरीच वर्षे शिकवत आलो आहोत. १९८५ साली रंगभूमीवर आलेले हे नाटक आमच्याच विदर्भातल्या एका देशपांड्यांच्या वाड्यात घडते, घरधन्याच्या मृत्यूनंतरच्या दिवसांत. त्यात घराण्याचे सोने आहे. थोरल्या सुनेने एका रात्री अंगावर घातलेले ते दागिने आहेत, आणि पुढे ते घरातून कसे जातात हे नाटक पाहिलेल्यांना माहीत आहे. आम्ही हा प्रसंग नेहमी सोन्याच्या बाजूने शिकवला: सरंजामी वैभवाचा शेवट, पोकळ प्रतिष्ठा इत्यादी. प्रश्नपत्रिकेतही तसेच विचारले. त्या घरात एक बाई नुकतीच विधवा झाली आहे आणि तिच्या डोळ्यांदेखत हे सोने हातांतून हातांत फिरते आहे, तिच्या जागेवरून हा प्रसंग आम्ही वाचलाच नव्हता. तिच्या हाताला काय उरले, हा प्रश्न परीक्षेत विचारता येण्यासारखा नाही, हे त्याचे एक कारण असावे.

अलंकारशास्त्रात तरी वेगळे काय आहे? नवव्या शतकातल्या आनंदवर्धनाने काव्यातल्या अलंकारांना अंगावरच्या कड्याची उपमा दिली, अकराव्या शतकातल्या मम्मटाने हाराची. दोघांच्याही मनात दागिना म्हणजे अंगाहून वेगळी, काढता-घालता येणारी वस्तू. वात्स्यायनाने मात्र चौसष्ट कलांत दात, वस्त्रे आणि अंग रंगवण्याची कला मोजली आहे. ती दागिन्याची कला नव्हे. नख हे अंगच आहे, पण त्यात जाणीव नाही. कापले तरी दुखत नाही, आणि माणूस आजारी पडला तर त्याची तारीख मात्र ते लिहून ठेवते. अशा जागेवर लावलेल्या बेगडाला आनंदवर्धनाने काय म्हटले असते, यावर आम्ही पंख्याखाली बराच वेळ काढला. निष्कर्ष निघाला नाही. तेवढ्यात दुचाकी परत आली.

पहिल्यांदा तिची नखे झाली. दहाही. आम्ही आपसांत ठरवले होते की एका हाताची अनामिका तेवढी करावी, सध्या तशीच पद्धत आहे म्हणतात, कॉलेजातही फारसे दिसणार नाही. मुलीने ते ऐकले नाही. डाव्या हाताच्या तर्जनीला गोंद नीट लागला नव्हता, तिथे सोने भेगाळले आणि खालचा मरून दिसू लागला. आम्ही पुसून पुन्हा करू म्हणालो. मुलगी म्हणाली, "राहू दे. लोक मुद्दाम असं करतात."

सोमवारी आम्ही तशाच महाविद्यालयात गेलो. पुरुष सहकाऱ्यांपैकी कोणाच्याही ते ध्यानात आले नाही. ग्रंथालयातल्या बाईंनी पुस्तक देता देता बोट धरले, नख उन्हाकडे वळवून पाहिले, आणि गोंद कुठला वापरला ते विचारले. वर्गात मुली आपसांत कुजबुजल्या. उमरेडकडचा तो मुलगा आता तिसऱ्या वर्षाला आहे. त्याच्याकडे यंदा बैल नाहीत. वडिलांनी उन्हाळ्यात जोडी विकली, नांगरटी भाड्याच्या ट्रॅक्टरने झाली. पोळ्याला मातीचे बैल पुजणार, असे त्याने सांगितले. फॉइलची उरलेली गुंडाळी आमच्या पर्समध्ये होती. ती आम्ही त्याला दिली. हे नखांचे आहे हे सांगितले, आणि याला निराळा गोंद लागतो हेही. त्याने गुंडाळी उलटसुलट पाहिली आणि म्हणाला, "बेगडच आहे हा मॅडम."

तान्ह्या पोळ्याच्या संध्याकाळी आमच्यापैकी एकीच्या अपार्टमेंटमध्ये मुले चाके लावलेले लाकडी नंदी ओढत दारोदार येतात. नंदीला ओवाळायचे आणि मुलाच्या हातावर बोजारा ठेवायचा. २०२१पासून या घरी ओवाळायला मुलगी पुढे होत असे आणि आई स्वयंपाकघरात. यंदा दारावरची बेल वाजली तेव्हा मुलगी मुद्दाम आंघोळीला गेली होती, असा आम्हांला संशय आहे. दुसरी त्या वेळी तिथेच होती, पण ती उठली नाही.

दारात तिसऱ्या मजल्यावरचा पाचेक वर्षांचा मुलगा, डोक्याला फेटा, हातात दोरी. मागे त्याची आजी. तबक हातात घेतले तेव्हा फॉइल तीन नखांवरून उडालेले होते, भांड्यांनी आणि पाच दिवसांनी. बाकी सात चमकत होती. तिने नंदीच्या कपाळाला कुंकू लावले, ओवाळले, वीस रुपये आणि एक चॉकलेट दिले. मुलगा चॉकलेटकडे न पाहता तिच्या हाताकडे पाहत होता. मग त्याने आपल्या नंदीच्या शिंगाकडे पाहिले, पुन्हा हाताकडे पाहिले, आणि मागे वळून आजीला म्हणाला, "आजी, काकूंना पण लावलंय."

आजींनीही पाहिले. त्या म्हणाल्या, "हो रे बाबा. पोळा आहे ना." आणि पुढच्या दाराची बेल वाजवली.

रात्री उमरेडच्या मुलाने फोनवर छायाचित्र पाठवले. पाटावर मातीचे दोन बैल, समोर पुरणपोळीचा नैवेद्य, शिंगांवर आमचे फॉइल. एका शिंगावरचे अर्धे सुटून लोंबत होते. खाली त्याने लिहिले होते, की मातीवर नखांचा गोंद बसला नाही, फेविकॉल लावावा लागला, आणि तो पांढरा असतानाच चिकटवायची लहान भावाने घाई केली.